बोर्ड गुण्यात नाही

इचलकरंजीत माझं कॉम्प्युटर रिपेरिंगचं दुकान आहे. सूतवाल्यांची बिलिंगची मशीनं, प्रिंटर, शाळेच्या लॅबची कामं, यातच दिवस जातो. गेमचं काम कमी, आणि जे येतं ते बहुतेक कॉलेजच्या पोरांचं, गेम अटकतोय, पंखा ओरडतोय, ग्राफिक कार्ड कुठलं घेऊ वगैरे. पण मागच्या वर्षी एका सत्तरीच्या माणसाने त्याच्या कॅरमच्या गेमपायी मला स्क्रीनकडे बघायला शिकवलं, ते लिहून ठेवायचं कधीचं मनात होतं.

अण्णा आमच्या गल्लीच्या मागच्या अंगाला राहतात. सगळं आयुष्य मागावर गेलं, जॉबर होते. माग बिघडला की मालक अण्णांना बोलवायचे, कान लावून ऐकायचे आणि कुठला बोल्ट ढिला आहे ते सांगायचे. दुसरं वेड कॅरमचं. मंडळाच्या स्पर्धेत अण्णा समोर बसले की पोरं दुसऱ्या नंबरासाठीच खेळायची असं माझे वडील सांगतात. चार वर्षांपूर्वी त्यांना पॅरालिसिसचा झटका आला, बोलणं परत आलं, चालणं बऱ्यापैकी आलं, पण उजव्या हाताची बोटं काही परत आली नाहीत. स्ट्रायकर मारायचा म्हणजे सगळा खेळ त्या बोटाचा. घरातला बोर्ड भिंतीला लावून ठेवला तो तसाच.

मग पुण्याच्या मुलाने घरात पडून असलेल्या पीसीवर एक जुना कॅरमचा गेम टाकून दिला, कधीतरी सीडीवर आलेला, छोटासा, वरून बोर्ड दिसतो, माऊसने स्ट्रायकर बेस लाईनवर सरकवायचा, दिशा धरायची, जोर ठरवायचा आणि सोडायचा. अण्णा डाव्या हाताने माऊस धरायला शिकले. रोज सकाळी दोन बोर्ड आणि संध्याकाळी दोन. काकू म्हणायच्या, औषधापेक्षा याचाच गुण जास्त आलाय.

तर त्यांचा जुना १५ इंची मॉनिटर गेला. मुलाने २४ इंचीचा नवीन पाठवला आणि बसवायला मी गेलो. दहा मिनिटांचं काम. व्हीजीए केबल टेबलामागून ओढलेली होतीच, तीच लावली, रिझॉल्यूशन १९२० बाय १०८० केलं, मुलगा फोनवर म्हणाला अक्षरं मोठी करा त्यांना दिसत नाहीत, म्हणून विंडोजचं स्केलिंग १५० टक्के केलं. गेम उघडून बघितला, या टोकापासून त्या टोकापर्यंत स्क्रीन भरली. मी म्हणलं, "अण्णा, बघा, थेटर झालं घरात." आणि निघालो. काळी पट्टी नाही, आवाज येतोय, गेम चालतोय, म्हणजे काम झालं, असंच मी इतकी वर्षं धरत आलो होतो.

आठवड्याने अण्णांचा फोन, "सोंगट्या लांबट दिसालेत रे." मी दुकानात गिऱ्हाईकासमोर होतो, मनाने निम्मा तिकडे, बोलून गेलो की अण्णा नवीन स्क्रीन मोठी आहे, सवय होईल, आणि एकदा डोळे तपासून घ्या. हे वाक्य मला आजही टोचतं, कारण त्या माणसाने खरंच डोळे तपासून घेतले. डॉक्टरांनी सांगितलं मोतीबिंदूची सुरुवात आहे, नंबर थोडा बदललाय. नवीन चष्मा झाला. सोंगट्या लांबटच. मग अण्णांनी खेळणं बंद केलं.

तीन आठवड्यांनी काकू दुकानात आल्या. म्हणाल्या, "हे सकाळी मशीनसमोर बसतात, चालू करत नाहीत, नुसते बसतात. डोक्याचंच काहीतरी परत सुरू झालंय असं त्यांनी मनात घेतलंय, झटक्यासारखं. एकदा येऊन जा बाबा." त्या दिवशी एका प्रोसेसवाल्याचं सर्व्हरचं काम होतं ते दुपारनंतर ढकललं आणि गेलो.

अण्णांनी गेम चालू केला आणि मला काही बोलू न देता कपाटातून गुण्या काढला, काटकोन बघायचा, लोखंडी, सुताराकडे असतो तसला, त्यांच्या जॉबरच्या हत्यारातला. तो स्क्रीनवरच्या बोर्डाच्या कोपऱ्याला लावला. कोपरा बरोबर काटकोनात. मग फूटपट्टी लावली. बोर्डाची उंची २७ सेंटिमीटर, रुंदी ३६.

"खरा बोर्ड ७४ बाय ७४ असतोय," ते म्हणाले, "दोन्हीकडनं सारखा. हा बोर्डच न्हाई, ह्यो ट्रे झालाय. आणि मला तू डोळं तपासाय लावलंस. हिची बांगडी गोल दिसती, ताट गोल दिसतं, यातच तेवढं लांबट. मग डोळं कसं बिघडलं?"

मी खाली बसलो. ३६ भागिले २७, बरोबर एक पूर्णांक एक तृतीयांश. हा आकडा या धंद्यात कुणालाही पाठ पाहिजे. जुना गेम ६४० बाय ४८० चा, म्हणजे आडवे ६४० ठिपके आणि उभे ४८०, चारास तीन. जुना १५ इंची मॉनिटर १०२४ बाय ७६८, तोही चारास तीन, आडवं १.६ पट आणि उभंही १.६ पट, त्यामुळे गोल ते गोलच राहायचं. नवीन स्क्रीन सोळास नऊ. तिथे ६४० चे १९२० करताना आडवं तिप्पट ताणलं आणि ४८० चे १०८० करताना उभं फक्त सव्वादोनपट. तिप्पट आणि सव्वादोनपट यातली जी तफावत तीच अण्णांच्या फूटपट्टीवर आली होती. तीन आठवडे एक माणूस स्वतःच्या मेंदूवर शंका घेत बसला होता आणि गणित चौथीच्या पोराचं होतं.

त्याहून मोठी गोष्ट त्यांनी पुढे सांगितली आणि ती मला कुठल्याच गेमरने कधी सांगितलेली नाही. म्हणाले, "रिबाउंड बसतोय. फ्रेमला मारून परत आणलेली सोंगटी जाती बरोबर. कट चुकतोय. आणि आडवा मारला की जोर जास्त होतोय."

तेव्हा मी नुसती मान हलवली, घरी जाऊन रात्री कागदावर काढून बघितलं तेव्हा पटलं. चित्र फक्त आडवं ताणलं तर फ्रेमवर आपटून जाणारी रेघ ज्या कोनात येते त्याच कोनात परत जाते, कोन बदलतात पण येणारा आणि जाणारा एकमेकांना सारखेच राहतात. म्हणून रिबाउंड डोळ्याला बरोबर वाटतो. कटचं, म्हणजे सोंगटीला कडेला मारून तिरकी पाठवायची त्याचं, तसं नाही. कट मारताना खेळाडू मनात स्ट्रायकर सोंगटीला कुठे टेकणार ते गोल धरून बघतो, आणि समोर दोन्ही अंड्यासारखे असले की टेकायची जागा डोळ्याला चुकीची दिसते. खऱ्या बोर्डावर ४५ अंशाचा कट इथे ३७ अंशाचा दिसतो. पन्नास वर्षं गोल सोंगटीवर तयार झालेली नजर ३७ अंशाला काय करणार? आणि आडवं अंतर तेहतीस टक्क्यांनी जास्त दिसतं म्हणून जोराचा अंदाजही जातो. गेमच्या आतला हिशोब सगळा बरोबर चालू होता, चुकत होता तो फक्त दाखवताना.

दुरुस्तीला मात्र वाटला तेवढा कमी वेळ लागला नाही. आधी मॉनिटरच्या बटणाचा मेनू उघडला, त्यात आस्पेक्ट रेशोचा, म्हणजे रुंदी-उंचीच्या प्रमाणाचा, पर्याय होता पण फिकट, हात लावता येत नव्हता. मग इंटेलच्या ग्राफिक्सच्या पॅनेलमध्ये गेलो, स्केलिंगचा पर्यायच दिसेना. दोन ड्रायव्हर बदलून बघितले, अर्धा तास गेला, काकूंनी दुसरा चहा आणला. मग लक्ष केबलकडे गेलं. व्हीजीए म्हणजे अॅनालॉग, कार्ड सिग्नल पाठवून मोकळं होतं आणि तो ताणायचा की नाही ते मॉनिटर बघतो. दुकानातून पोराला एचडीएमआय केबल आणायला लावली, टेबल भिंतीपासून ओढलं, बदलली. तरी पर्याय लगेच दिसला नाही, कारण डेस्कटॉप १९२० वर असताना ताणण्यासारखं काही नसतंच. डेस्कटॉपचं रिझॉल्यूशन मुद्दाम ८०० बाय ६०० ला खाली आणलं तेव्हा 'मेंटेन आस्पेक्ट रेशो' समोर आलं, ते निवडलं, अप्लाय केलं आणि डेस्कटॉप परत वर नेला. ज्यांच्याकडे एनव्हिडियाचं कार्ड आहे त्यांना हेच 'अॅडजस्ट डेस्कटॉप साईझ अँड पोझिशन' मध्ये मिळतं, आस्पेक्ट रेशो निवडून खाली स्केलिंग जीपीयूवर, म्हणजे ग्राफिक कार्डावर, करायचं.

गेम लावला. मधे १४४० बाय १०८० मध्ये चित्र, दोन्ही बाजूला २४०-२४० ठिपक्यांच्या काळ्या पट्ट्या. अण्णा काहीच बोलले नाहीत, फूटपट्टी लावली. २७. आडवी लावली. २७. परत उभी लावली.

मला वाटलं झालं. अण्णांनी माऊस धरला आणि स्ट्रायकर हाताला लागेना. बाण स्ट्रायकरवर, पकड भलतीकडेच, बोटभर अंतर. ते म्हणाले हे नवीन स्क्रीन आल्यापासूनच होतं, त्यांना वाटलं डावा हात पण गेला का काय, म्हणून सांगितलं नाही. हे ऐकून माझ्या पोटात कालवलं. हे १५० टक्के स्केलिंगचं काम होतं, तेही मीच केलेलं. जुन्या गेमला स्केलिंग हा प्रकार माहीत नसतो, त्यामुळे विंडोज त्याला खोटं सांगतं की स्क्रीन १२८० बाय ७२० आहे, आणि बाण कुठे आणि क्लिक कुठे याचा मेळ तुटतो. असाच एक कॉलेजचा पोरगा लॅपटॉप घेऊन आला होता, गेममध्ये १९२० मिळतच नाही, १५३६ बाय ८६४ च दाखवतंय म्हणून, त्याचं स्केलिंग १२५ टक्के होतं, १९२० ला सव्वाने भागा, १५३६ च येणार. उपाय एकच. गेमच्या आयकॉनवर राईट क्लिक, प्रॉपर्टीज, कंपॅटिबिलिटी, 'चेंज हाय डीपीआय सेटिंग्ज', खालच्या 'ओव्हरराईड' वर टिक आणि यादीत 'अॅप्लिकेशन'. अण्णांची बाकीची अक्षरं मोठीच राहिली आणि बाण स्ट्रायकरवर बसला.

एक गोष्ट राहिली ती अण्णांच्या पसंतीवर सोडली. सव्वादोनपट हा पुरा आकडा नाही, त्यामुळे रेघांच्या कडा जराशा पुसट येतात. न ताणता मधे ६४० बाय ४८० च ठेवलं तर एकदम धारदार, पण मग सगळं चित्र जेमतेम १८ सेंटिमीटर रुंद, पोस्टकार्डापेक्षा थोडं मोठं. दोन्ही दाखवलं. म्हणाले मोठं असू दे, पुसट चालतंय, वाकडं चालत न्हाई. मलाही हेच पटतं. तसं काउंटर स्ट्राईक खेळणारी पोरं मुद्दाम ४:३ स्ट्रेच्ड करून मागतात कारण समोरचा माणूस रुंद दिसतो, त्यांचा तो हिशोब आहे आणि त्यांना काय करतोय ते माहीत असतं. अण्णांना कुणी विचारलंच नव्हतं.

मग ते खेळायला बसले. ब्रेक केला, दोन सोंगट्या सरळ गेल्या, तिसरा कट होता डाव्या पॉकेटला, थांबले, चष्मा वर केला, खाली केला, मारला, गेला. काकू दारात उभ्या होत्या त्या आत आल्या. राणी घेतली, कव्हरला मारला आणि थोडक्यात राहिला, राणी परत बोर्डावर. मी पटकन म्हणलं परत सेटिंग बघू का. तर डावा हात वर करून मला थांबवलं.

"न्हाई न्हाई. बोर्ड गुण्यात आलाय. आता चुकलं ते माझं चुकलं."

आणि पुढचा स्ट्रायकर लावायला लागले. सहा-सात डाव मी तिथेच बसून बघितले, प्रोसेसवाल्याचे दोन मिस्ड कॉल येऊन गेले. पैसे केबलचेच घेतले, बाकीचे घ्यायला माझा हात झाला नाही.

ड्रायव्हर नवीन आला की ही सेटिंग कधीकधी उडते, म्हणून निघताना पुठ्ठ्यावर सगळं मराठीत लिहून मॉनिटरच्या मागे चिकटवलं, कुठली केबल, कुठला पर्याय, कुठे टिक. परवा काकूंचा प्रिंटर बघायला गेलो तेव्हा सहज मागे डोकावलो. माझ्या अक्षराच्या खाली डाव्या हाताने लिहिलेलं, वेडंवाकडं पण वाचता येईल असं, पेन्सिलने: २७ × २७. दर एक तारखेला तपासणे. आणि त्याखाली तारखांपुढे बरोबरच्या खुणा होत्या, एकही महिना सुटला नव्हता.