फिक्सरचा विमा कोण भरणार?

युद्धाच्या वार्तांकनाला निघालेल्या माणसाला सगळे बॉम्बबद्दलच विचारतात. मी युक्रेनमधल्या खारकिव्हला जायची तयारी करत होते तेव्हा माझा बहुतेक वेळ व्हिसा, विमा, मान्यतापत्र आणि वाहतं रक्त थांबवण्याचा सराव यांतच गेला. आणि शेवटी प्रश्न उरला तो माझ्या फिक्सरचा, म्हणजे तिथे माझ्याबरोबर काम करणाऱ्या स्थानिक सहकारिणीचा, विमा कोण भरणार. भारतीय भाषांत काम करणाऱ्या, मागे मोठी कंपनी नसलेल्या पत्रकारांपैकी कुणाला उद्या असं कुठे जायचं असेल, तर त्यांच्या उपयोगी पडावं म्हणून हे लिहितेय.

खारकिव्ह निवडायला कारण होतं. 24 फेब्रुवारी 2022 ला रशियाने हल्ला केला तेव्हा युक्रेनमध्ये सुमारे 18 हजार भारतीय विद्यार्थी होते. त्यातले बरेचसे डॉक्टर व्हायला गेलेले, आणि खारकिव्ह हे त्यांचं मोठं केंद्र. 1 मार्चला तिथे कर्नाटकचा एक विद्यार्थी मारला गेला. दुसऱ्या दिवशी भारतीय दूतावासाने सांगितलं, ताबडतोब खारकिव्ह सोडा, गाडी मिळाली नाही तर पायी निघा आणि पिसोचिन, बाबाई किंवा बेझल्युदिव्का गाठा. सांगली-कोल्हापूरकडच्या ज्या मुलामुलींच्या मुलाखती मी तेव्हा घेतल्या, त्यातले काहीजण थंडीत असेच चालत निघाले होते. ‘ऑपरेशन गंगा’ची विमानं उतरली, फुलं-पेढे झाले आणि आपल्याकडे विषय संपला. एक मुलगी मात्र नंतरही सांगत राहिली की तिची घरमालकीण अजून तिथेच आहे, रोज रात्री मेसेज करते. मला ते मागे राहिलेलं शहर बघायचं होतं.

संपादक म्हणाले, “पोरं परत आली. आता आपल्या वाचकाला त्याचं काय?” मी त्यांना वळिवड्याची आठवण करून दिली. दुसऱ्या महायुद्धात कोल्हापूरजवळच्या या छावणीत पाच हजारांच्या आसपास पोलिश निर्वासित राहिले, वॉर्सात त्याचं स्मारक आहे. युद्धातून आलेल्यांचं आपल्याला काय, हा प्रश्न कोल्हापूरने तेव्हा विचारला नव्हता. सर गप्प झाले आणि पत्र द्यायला तयार झाले.

ते पत्र फार महत्त्वाचं. स्वतःच्या जोरावर जाणाऱ्या पत्रकारालाही एखाद्या वृत्तपत्राचं किंवा वाहिनीचं अधिकृत पत्र लागतंच. पासपोर्ट, फोटो, आधी केलेलं काम आणि हे पत्र जोडून युक्रेनच्या सैन्यदलाच्या प्रेस कार्डासाठी ऑनलाइन अर्ज करता येतो. त्या कार्डाशिवाय पहिल्या नाक्यावरूनच परत फिरावं लागेल. 2023 पासून तिथे प्रदेशांची रंगानुसार विभागणी आहे. हिरव्या भागात कार्डावर काम करता येतं, पिवळ्यात लष्कराचा प्रेस ऑफिसर बरोबर लागतो, लाल भागात जाताच येत नाही. हे रंग बदलत राहतात, म्हणून निघायच्या आदल्या रात्री पुन्हा तपासायचे. व्हिसाचं एकच सांगते. युक्रेनचं आकाश नागरी विमानांना बंद आहे, त्यामुळे शेजारच्या देशातून जमिनीवरूनच जावं-यावं लागतं. मी पोलंडमधून गेले. शेंगेन व्हिसा एकापेक्षा जास्त प्रवेशांचा असेल तरच परतीला पोलंडमध्ये पाऊल ठेवता येतं.

प्रशिक्षण मी दिल्लीत घेतलं. युद्धभूमीवरचे पत्रकार प्रथमोपचार कशासाठी शिकतात, हे टिम हेदरिंग्टनच्या मृत्यूवरून कळतं. 20 एप्रिल 2011 ला लिबियातल्या मिसराता शहरात हा छायाचित्रकार तोफगोळ्याच्या तुकड्याने जखमी झाला. मांडीतून रक्त वाहत होतं आणि दवाखान्यात पोचेपर्यंत तो वाचला नाही. रक्त थांबवायचं ज्ञान जवळच्या कुणाला असतं तर, हा विचार त्याचा मित्र सेबॅस्टियन युंगरच्या मनातून जाईना, आणि त्यातून त्याने फ्रीलान्स पत्रकारांसाठी रिस्क नावाची प्रशिक्षण संस्था उभी केली.

आम्हाला सगळ्यात जास्त घोटवून घेतलं ते टुर्निकेट. जाड पट्टा, त्याला एक दांडी. जखमेच्या वर चार बोटं, सांध्यावर नाही, पट्टा ओढायचा आणि दांडी पिळत जायची. मांडीची मोठी रोहिणी फाटली तर माणूस काही मिनिटांत जातो, म्हणून हे अंधारात, एका हाताने, स्वतःच्याच पायावर जमलं पाहिजे. नीट आवळलं तर भयंकर दुखतं. माझी जोडीदार ओरडली तशी मी हात सैल केला, तेव्हा प्रशिक्षक म्हणाले, “ती ओरडतेय म्हणजे जिवंत आहे. पिळत राहा.” रक्त थांबलं की टुर्निकेटवर मार्करने वेळ लिहायची, कारण पुढच्या डॉक्टरला पहिल्यांदा तीच हवी असते. बाजारात स्वस्त नकली टुर्निकेट मिळतात, त्यांची दांडी ऐन वेळी तुटते. इथे पैसे वाचवू नयेत.

नेहमीच्या प्रवास विम्यात युद्ध वगळलेलं असतं. युद्धाची जोखीम धरणारा विमा वेगळा, महाग आणि जागेनुसार भाव बदलणारा. तो घेताना एक प्रश्न अवश्य विचारा: जखमी झाले तर मला बाहेर कसं काढणार? विमान उतरत नाही, म्हणजे रस्त्याने किंवा रेल्वेने थेट पोलंडपर्यंत. हेल्मेट आणि चिलखती जाकीट मात्र विकत घ्यायची गरज पडली नाही. ‘रिपोर्टर्स विदाउट बॉर्डर्स’ने 2022 च्या मार्चमध्ये लिव्हिव्हला पत्रकारांसाठी केंद्र उघडलं, पुढे कीव्हलाही. तिथे ही साधनं उसनी मिळाली.

माझ्या नावचे कागद पुरे झाले आणि मग फिक्सरचं काय, हे कुणीच विचारलेलं नाही हे ध्यानात आलं.

फिक्सर म्हणजे तिथली स्थानिक पत्रकार किंवा दुभाषी. वेळ ठरवणं, नाक्यावर बोलणं, रस्ता निवडणं आणि मुलाखत देणाऱ्याचा विश्वास मिळवणं, सगळं तीच करते. गडचिरोलीत मी कामं केलीयत, तिथे हेच सगळं तालुक्याचा स्ट्रिंगर, म्हणजे बातमीगणिक पैसे मिळणारा वार्ताहर करतो आणि बातमीवर नाव आमचं लागतं. 14 मार्च 2022 ला कीव्हजवळच्या होरेंका गावी फॉक्स न्यूजच्या गाडीवर मारा झाला. त्यात कॅमेरामन पिएर झाकर्झेव्स्कीबरोबर ओलेक्सांद्रा कुव्शिनोवा ही 24 वर्षांची युक्रेनी मुलगी गेली. 26 एप्रिल 2023 ला खेरसोनजवळ एका इटालियन दैनिकाचा बातमीदार जखमी होऊन वाचला, त्याच्याबरोबरचा फिक्सर बोहदान बितिक जागीच ठार झाला. जिनिव्हा करारांच्या 1977 च्या पहिल्या पुरवणी करारात, कलम 79 मध्ये, युद्धक्षेत्रातल्या पत्रकाराला नागरिकाचं संरक्षण दिलंय. त्यात परका आणि स्थानिक असा भेद नाही. भेद आपल्या हिशेबाच्या वहीत आहे.

माझी फिक्सर आधी इंग्रजीची शिक्षिका होती. मी व्हिडिओ कॉलवर तिच्या विम्याचं विचारलं तर ती क्षणभर नुसती बघत राहिली. आधीच्या कुणी विचारलं नव्हतं म्हणाली. माझ्या विमा कंपनीने सांगितलं की ती स्वतःच्याच देशात आहे, प्रवासी नाही, म्हणून बसत नाही. ज्या वृत्तपत्रासाठी मी निघाले होते त्यांच्या लेखा विभागाने कळवलं, “त्या आपल्या कर्मचारी नाहीत.” मी ईमेल पाठवत राहिले. शेवटी स्थानिक माणसांना धरणारी एक पॉलिसी मिळाली, तिच्यात ड्रायव्हरही घेता आला, पण पैसे देणारं कुणी नव्हतं. मी मुक्काम कमी केला आणि वाचलेल्या पैशांतून दोघांचा हप्ता भरला. दोन बातम्या कमी झाल्या, पण तो निर्णय मला आजही पूर्ण योग्य वाटतो.

प्रवासाबद्दल थोडक्यात. पोलंडमधल्या पशेमिशल स्टेशनपर्यंत युक्रेनचे रुंद रूळ येतात, तिथूनच कीव्हची गाडी. 18 ते 60 वयाच्या बहुतेक पुरुषांना तेव्हा देश सोडायला बंदी असल्यामुळे डब्यात बायका आणि मुलंच जास्त होती. कीव्हहून खारकिव्ह पाचेक तास.

खारकिव्ह रशियाच्या सीमेपासून 30-40 किलोमीटरवर आहे. पलीकडून, बेल्गोरोदच्या बाजूने सोडलेलं क्षेपणास्त्र मिनिटभराच्या आत पोचतं, त्यामुळे कित्येकदा आधी स्फोट आणि मग भोंगा. तळघर गाठायला वेळच नसतो, म्हणून तिथले लोक दोन भिंतींचा नियम पाळतात. बाहेर आणि आपल्यामध्ये दोन भिंती हव्यात: पहिली मारा झेलते, दुसरी काचा आणि तुकडे. मी हॉटेलच्या बोळात गादी टाकून झोपायचे. 2023 च्या त्या शरद ऋतूत शहराने मेट्रो स्थानकांत शाळेचे वर्ग भरवले होते. मी बघितलेल्या वर्गात खिडकी नव्हती, भिंतीपलीकडून मेट्रोचा आवाज यायचा, आणि पहिलीतली मुलं त्या आवाजात न थांबता अक्षरं गिरवत होती. शिक्षिकेने मला विचारलं, तुमच्या मुलांच्या वर्गात ऊन येतं का?

एका सकाळी शहरात स्फोट झाला. मी कॅमेरा उचलला, आणि फिक्सरने दोन गल्ल्या अलीकडेच गाडी थांबवली. बचाव दल आणि पत्रकार गोळा झाले की त्याच जागी दुसरं क्षेपणास्त्र येऊ शकतं. 7 ऑगस्ट 2023 ला पोक्रोव्स्कमध्ये नेमकं तसंच झालं होतं: पहिल्यानंतर सुमारे 40 मिनिटांनी दुसरं. पत्रकार उतरायचे त्या द्रुझ्बा हॉटेलचंही त्यात मोठं नुकसान झालं. आम्ही भिंतीला टेकून उभे राहिलो. ती फोनवर आपत्कालीन सेवेच्या माणसाशी बोलत होती, मी लांबून धूर बघत होते. इतर वाहिन्यांची दृश्यं तोवर झळकलीसुद्धा. ती हो म्हणाली तेव्हाच आम्ही निघालो. अशा वेळी फिक्सरचा शब्द शेवटचा, हे मी पहिल्याच दिवशी संपादकांना लेखी कळवून ठेवलं होतं. ‘दुसरे पोचले, तुम्ही का नाही’ असा फोन मग येत नाही.

आघाडीजवळच्या कुपियान्स्क गावाचा रस्ता पिवळ्या भागातला, म्हणून प्रेस ऑफिसर पुढच्या गाडीत. नाका आला की काच खाली, फोन मांडीवर पालथा. आघाडी जवळ आली तसे ड्रायव्हरने आम्हाला सीटबेल्ट काढायला सांगितले, कारण मारा सुरू झाला तर क्षणात बाहेर पडता यायला हवं. डांबर सोडून गवतात पाय टाकायचा नाही, अगदी लघवीलासुद्धा, कारण सुरुंग. जाकिटावर ‘प्रेस’ लिहावं की नाही यावर तिथल्या पत्रकारांत दोन तट आहेत. काहींना ती पाटी संरक्षण वाटते, काहींना निशाणा. मी ठेवली, फिक्सरने स्वतःची काढली.

हे गाव फेब्रुवारी ते सप्टेंबर 2022 रशियाच्या ताब्यात होतं आणि आम्ही गेलो तेव्हा रशियन फौजा पुन्हा त्याच्याकडे सरकत होत्या. एका आजीने चहा दिला, सगळं सांगितलं आणि शेवटी म्हणाली, नाव छापू नका, ते परत आले तर? फिक्सरने ते वाक्य भाषांतरित केलं आणि पुढे स्वतःचं जोडलं, “माझंही नको, या बातमीवर.”

आम्ही तिथेच असताना गाझाचं युद्ध सुरू झालं आणि जगाचे कॅमेरे तिकडे वळले. परदेशी पत्रकारांना इस्रायलने गाझात स्वतंत्रपणे जाऊ दिलं नाही, त्यामुळे तिथली जवळजवळ प्रत्येक बातमी स्थानिक पॅलेस्टिनी पत्रकारांनी दिली, आणि तिथे मारले गेलेले पत्रकारही जवळजवळ सगळे तेच आहेत. त्यांच्यातल्या किती जणांचा विमा होता, हे कुणी विचारलेलं माझ्या वाचनात नाही.

परत आल्यावर खारकिव्हच्या बातम्यांवर दोघींची नावं छापून आली. त्यासाठी डेस्कशी वाद झाला, मी तो घातला. कुपियान्स्कच्या बातमीवर फक्त माझं. हल्ली नवे पत्रकार तिचा नंबर मागतात तेव्हा मी आधी तिला विचारते. ती हो म्हणाली की नंबराबरोबर त्या पॉलिसीची माहिती पाठवते आणि हप्ता भरल्याची पावती दाखवाल का, असं सरळ विचारते. काहींना राग येतो. काहीजण दुसऱ्याच दिवशी पावती पाठवतात.