मोठ्या गाड्या गेल्यावर उठू नका: ज्युनिअर रॅलीच्या मागे स्वीडन, फिनलंड, ग्रीस

डब्ल्यूआरसी, म्हणजे जागतिक रॅली स्पर्धा, बघायला गेलात तर एक गोष्ट पहिल्याच स्टेजला (बंद रस्त्यावरचा, घड्याळ लावून एकेक गाडी सोडायचा टप्पा) दिसेल. नावाजलेल्या दहाबारा गाड्या गेल्या की गर्दीची आवराआवर सुरू होते. खुर्च्या मिटतात, थर्मासची झाकणं लागतात आणि लोक पुढची स्टेज गाठायला पार्किंगकडे पळतात. स्वीडनला आम्हीही तेच केलं. ज्या पोरांसाठी, म्हणजे ज्युनिअर डब्ल्यूआरसीच्या तरुण ड्रायव्हरांसाठी, एवढ्या लांब गेलो होतो, ती पोरं आम्ही पाठ फिरवल्यावर गेली. गुडघाभर बर्फातून गाडीकडे चालत असताना मागून तीन सिलिंडरचा तो घोगरा आवाज आला आणि सोबतचा सांगलीचा मित्र म्हणाला, "अरे, आपलं लग्न लागलं वाटतं मागे."

मी मूळचा पुण्याचा, नोकरीला स्टुटगार्टजवळ. ज्युनिअर डब्ल्यूआरसीचा नाद मावसभावामुळे लागला. तो नाशिकचा, रॅली ऑफ महाराष्ट्रमध्ये दोनदा नेव्हिगेटर म्हणून, म्हणजे ड्रायव्हरशेजारी वळणं वाचून सांगायला, बसलेला. २०२४ च्या मोसमात ज्युनिअरच्या पाच फेऱ्या होत्या: स्वीडन, क्रोएशिया, सार्डिनिया, फिनलंड, ग्रीस. मी तीन पाहिल्या. क्रोएशियाला रजा नव्हती, सार्डिनियाला पैसे नव्हते.

मोठे सोडून छोट्यांच्या मागे का, असं बरेच जण विचारतात. पहिलं कारण म्हणजे इथे गाडी सगळ्यांची एकच. फोर्ड फिएस्टा रॅली३, पोलंडमध्ये क्राकूला एम-स्पोर्ट ही कंपनी बांधते. दीड लिटरचं तीन सिलिंडर टर्बो इंजिन, चारही चाकांना ताकद. टायरही सगळ्यांचे सारखे. त्यामुळे कोण हरला आणि का, हे गाडीवर ढकलता येत नाही. दुसरं कारण जुनी यादी चाळली की कळतं. २००१ ला ही स्पर्धा सुरू झाली तेव्हाचा पहिला विजेता सेबास्टियन लोब. २००५ ला दानी सोर्डो, २००८ ला सेबास्टियन ओजिए, २०१२ ला एल्फिन इव्हान्स. हे सगळे पुढे मोठ्या गाड्यांत पोचले. आज कुंपणापाशी उभं राहून ज्याला हात कराल, तो पाच वर्षांनी कुठे असेल सांगता येत नाही. त्या यादीत विस्मरणात गेलेली नावंही भरपूर आहेत, हेही खरं.

आता स्वीडन. फेब्रुवारीचा मध्य, मुक्काम उमिओ. स्टॉकहोमहून रेल्वेने सहासात तास उत्तरेला. शहरातली राहायची ठिकाणं महिनोन्‌महिने आधी भरतात. आम्ही उशीर केला आणि शंभरेक किलोमीटर दक्षिणेला राहिलो, म्हणजे रोज पहाटे चारला उठणं आलं. तुम्ही तो शहाणपणा करू नका. दुपारी चारच्या पुढे उजेड जातो, त्यामुळे संध्याकाळच्या स्टेजला डोक्यावर बांधायची बॅटरी लागतेच. मोबाईल आतल्या खिशात, अंगाला लागून ठेवा. माझा बाहेरच्या खिशात होता; साठ टक्के चार्ज असताना मेला आणि त्याच्याबरोबर तिकीट, नकाशा, वेळापत्रक सगळं गेलं. तिकीट छापून घ्या. बूट एक नंबर मोठे घ्या आणि आत दोन मोजे घाला. घट्ट बुटात दोन मोजे घालून बोटं आखडतात, ते मी करून बघितलंय. आणि बसायला फोमचा तुकडा न्या. आमच्या शेजारच्या आजीबाईंनी आमची दशा बघून स्वतःच्या पिशवीतून दोन तुकडे काढून दिले. बोलल्या काहीच नाहीत, नुसतं बर्फाकडे बोट केलं.

पहिल्या दिवशीची चूक दुसऱ्या दिवशी केली नाही. एका डावीकडच्या वळणाच्या आतल्या बाजूला, उंचावर जागा धरली आणि हललो नाही. तेव्हा कळलं की ज्युनिअरवाले वेगळ्याच रस्त्यावर गाडी चालवतात. इथल्या टायरला जवळपास चारशे खिळे असतात. पुढच्या सगळ्या गाड्या ते खिळे रोवत गेल्या की वरचा बर्फ खरवडला जातो, दोन खोल चाकोऱ्या पडतात आणि तळाची खडी डोकं वर काढते. खडीवर खिळे उपटतात, आणि खिळे गेलेला टायर पुढच्या बर्फावर नुसता घसरतो. म्हणजे पहिल्या गाडीने जे वळण पांढऱ्या गालिच्यावर घेतलं, तेच या पोरांना नांगरलेल्या वावरात घ्यायचं. एक फिएस्टा चाकोरीतून निसटली आणि मागच्या बाजूने अलगद बर्फाच्या भिंतीत जाऊन बसली. मार्शलने, म्हणजे रस्ता सांभाळणाऱ्या स्वयंसेवकाने, शिट्टी मारली, खूण केली, तेव्हा पंधरावीस जण उतरले. आमचा सांगलीकरही त्यात. गाडी ढकलताना आत नेव्हिगेटर शांतपणे वहीचं पान उलटत होती. गाडी रस्त्याला लागली तेव्हा बर्फाच्या फवाऱ्याने आम्ही सगळे मैद्याच्या गिरणीतून आल्यासारखे झालो. मार्शलने खूण केल्याशिवाय मात्र रस्त्यावर पाऊलही टाकायचं नाही.

फिनलंडला ऑगस्टच्या पहिल्या आठवड्यात मावसभाऊ नाशिकहून आला. भारतातून येऊन एकच फेरी बघायची असेल तर माझं मत डोळे झाकून फिनलंड. हवा छान, उजेड रात्री दहापर्यंत, आणि हेलसिंकीहून युवास्क्युलाला रेल्वे साडेतीन तासांत पोचवते. व्हिसाचं त्याच्याकडून शिकलो ते सांगतो. शेंगेन अर्ज प्रवासाच्या सहा महिने आधीपासून करता येतो. जिथे जास्त दिवस राहणार त्या देशाकडे अर्ज करायचा. विमा किमान ३०,००० युरोचा हवा. त्याने रॅलीची तिकिटं आणि रोजचा कार्यक्रम जोडला होता. गाडी भाड्याने घ्यायची असेल तर निघण्यापूर्वी आरटीओतून इंटरनॅशनल परमिट काढून ठेवा, ते वर्षभर चालतं.

गुरुवारी संध्याकाळी हार्जूची स्टेज शहरातच असते. ती बघा, आईस्क्रीम खा, पण तिच्यावरून रॅली कशी असते ते ठरवू नका. खरी गंमत जंगलात. ओउनिनपोह्या ही स्टेज काही वर्षांच्या खंडानंतर २०२४ ला परत आली होती. तिथे पिवळ्या घरापाशी एक उंचवटा आहे, गाड्या अक्षरशः उडतात. २००३ ला मार्को मार्टिनने तिथे ताशी १७१ किलोमीटरच्या वेगाने ५७ मीटरची उडी मारली होती. आम्ही पहाटे गेलो तरी बाजूची टेकाडं भरलेली. रस्ता पहिल्या गाडीच्या कितीतरी आधी बंद होतो, मग तुम्ही अडकलात ते शेवटची गाडी जाईपर्यंत. पाणी, खाणं, टोपी, पावसाळी कोट हे सगळं पाठीवर हवं. शाकाहारी असाल तर दशम्या-चिवडा घेऊनच या. जंगलात भाजलेला सॉसेज, कॉफी आणि मुंक्की नावाचा तळलेला गोड पाव, एवढंच मिळतं. मुंक्की मात्र सोडू नका.

आधी रस्ता मोकळा आहे का बघणाऱ्या शून्य क्रमांकाच्या गाड्या भोंगा वाजवत जातात, वर हेलिकॉप्टर घिरट्या घालतं, मग मोठ्या गाड्या. त्या गेल्यावर टेकाड निम्मं रिकामं झालं आणि आम्हाला चालत जाऊन हवी ती जागा मिळाली. तीनशे मीटर पुढे, उडीनंतरच्या वळणाला. मावसभाऊ म्हणाला, "उडी काय, कोणीपण मारेल. उतरल्यावर काय करतो ते बघ." तो बरोबर होता. रॅलीआधी प्रत्येकाला स्टेज फक्त दोनदा, साध्या वेगात बघता येते, वळणांच्या नोट्स तेवढ्यात लिहायच्या. एकाच्या नोट्समध्ये उंचवट्यानंतरचं वळण किंचित मोकळं लिहिलेलं असणार. गाडी उतरली, नाक गटाराकडे वळलं, दोन चाकं गवतात गेली आणि माणूस अ‍ॅक्सिलरेटरवरचा पाय न काढता निघून गेला. पुढच्याने तीच जागा अशी घेतली जणू घरून भाजी आणायला निघालाय. घड्याळात दोघांत फारसा फरक नव्हता, हेच मला अजून पचत नाही.

संध्याकाळी सर्व्हिस पार्क, म्हणजे गाड्या दुरुस्त करायचा तळ, चुकवू नका. आकर्षक तंबू मोठ्यांचे असतात, त्यांच्याकडे खांद्यावरून वाकून बघावं लागतं. ज्युनिअरच्या रांगेत तुम्ही गाडीपासून हातभर अंतरावर उभे राहता. एक मेकॅनिक लाकडी पट्टीने चाकाच्या कमानीतली माती खरवडत होता, ती ओल्या विटेसारखी पडत होती. ड्रायव्हर, दाढीही धड न फुटलेला, उलट्या ठेवलेल्या टायरवर बसून डब्यातला पास्ता खात होता. शेजारी नेव्हिगेटर पेन्सिलने एक शब्द खोडून दुसरा लिहीत होता. रात्रीच्या सर्व्हिसला ४५ मिनिटं मिळतात, एक मिनिट उशीर झाला तरी दंड. मावसभावाने नाशिकच्या एका ढाब्यामागे, पेट्रोमॅक्सच्या उजेडात जिप्सीचा गिअरबॉक्स उतरवल्याची गोष्ट तिसऱ्यांदा सांगितली. या वेळी मी ऐकून घेतली.

त्या रविवारी मोठ्या गाड्यांत फिनलंडचाच काले रोव्हनपेरा शेवटून दुसऱ्या स्टेजला आघाडीवर असताना दगड लागून बाहेर गेला आणि ओजिए जिंकला. सामी पायारी पहिल्यांदाच मोठ्या गाडीत बसून चौथा आला. तो २०२१ चा ज्युनिअर विजेता.

ग्रीसला सप्टेंबरात एकटाच गेलो. अथेन्सहून लामिया गाडीने दोनसव्वादोनशे किलोमीटर. अक्रोपोलिस रॅलीत वेगापेक्षा दगड महत्त्वाचे. फुफाटा एवढा की गाडी गेल्यावर मिनिटभर समोरचं झाड दिसत नाही. कोविडच्या वेळचे एन-९५ मास्क घरी पडलेत ना, ते आणा. माणशी तीन लिटर पाणी न्या. सावली हवी असेल तर आनो पाव्लियानीची स्टेज निवडा, ती डोंगरातल्या सूचिपर्णी झाडांतून जाते. खालच्या उघड्या स्टेजला दुपारी भाजून निघाल. भाड्याच्या गाडीचा एक इशारा: कच्च्या रस्त्यावरचं नुकसान बहुतेक विम्यात धरत नाहीत. माझ्या गाडीच्या पोटाला ओरखडा आला, भाड्याने देणाऱ्याने खाली झोपून टॉर्च मारून तो शोधला आणि बिल लावलं. घेताना गाडीखालचेही फोटो काढा.

ग्रीस ही ज्युनिअरची शेवटची फेरी. शेवटच्या फेरीला गुण दुप्पट होते, आणि मोसमभर जिंकलेल्या प्रत्येक स्टेजचा एक गुण वेगळा. त्यामुळे आदल्या दिवशी चाक तुटून बसलेला ड्रायव्हरही दुसऱ्या दिवशी परत येतो आणि हरवण्यासारखं काही नसल्यासारखा हाणतो. हे ठाऊक नसेल तर मागे पडलेली गाडी एवढी जिवावर उदार का चाललीय ते कळत नाही. रॅली.टीव्हीवर वेळा बघत बसा, पण डोंगरात नेटवर्क जातं. गाड्या कुठल्या क्रमाने येणार ते कागदावर लिहून घ्या. मोसमाचं ज्युनिअर विजेतेपद एस्टोनियाच्या रोमेट युर्गेनसनला मिळालं, सोबत नेव्हिगेटर सीम ओया. एफआयए या मोटरस्पोर्टच्या जागतिक संघटनेच्या, जगभरातून नवी पोरं हुडकणाऱ्या रॅली स्टार योजनेतून युर्गेनसन आलेला. पुढच्या वर्षी तो फिएस्टा रॅली२ घेऊन डब्ल्यूआरसी२ या वरच्या गटात उतरला.

त्या दिवशी माझ्या शेजारी अंजिराच्या झाडाखाली एक आजोबा बसले होते. मोठ्या गाड्या गेल्या, सगळे उठले, आम्ही दोघंच उरलो. त्यांनी हातानेच विचारलं, जात नाहीस? मी बोटाने खालचं वळण दाखवलं. त्यांनी खिशातून चार अंजिरं काढून मधल्या दगडावर ठेवली आणि काठी आडवी टाकून पाय पसरले.

परतताना थर्मोपिलीला, त्या प्राचीन लढाईच्या जागी, थांबलो, लामियापासून जवळच आहे. तिथे लढलेल्या स्पार्टाच्या राजाच्या, लिओनिदासच्या पुतळ्यापलीकडे गरम पाण्याचे झरे आहेत. बूट काढून पाय सोडले तर पाणी बराच वेळ लालसर वाहत राहिलं.