मुल्या, वैताग आणू नकोस

सबटायटलच्या कामात बाहेरच्यांना वाटतं की भाषांतर अवघड असतं. भाषांतर होतं हो, जागा नसते. वाक्य पडद्यावर दोन-अडीच सेकंद, तेवढ्यात माणसाने वाचायचं आणि वर चेहराही बघायचा. त्यात सॉफ्टवेअर गोऱ्या लोकांनी बनवलेलं, 'मुल्या' ही डोळ्याला दोन अक्षरं पण ते काना, उकार, हलन्त सगळं वेगळं मोजून सहा दाखवतं आणि ओळ लांब झाली म्हणून लाल करतं. कितीदा तक्रार केली, कोणी ऐकत नाही.

तर गेल्या महिन्यात एका फिल्म सोसायटीसाठी 'पोदकीदिश' हा रशियन सिनेमा आला. १९३९ ला बनलेला, तात्याना लुकाशेविचचा, एक छोटी मुलगी घरातून निघते आणि मॉस्कोभर हरवते. त्यात फाइना रानेव्स्काया आहे. हिरॉईन नाही, ती कधी फारशी नव्हतीच. जन्म १८९६, तागानरोगचा, म्हणजे नाटककार चेखवच्याच गावचा, आणि स्टेजवरचं नावही त्याच्याच नाटकातलं. पहिला सिनेमा १९३४ चा, तोही मूकपट! जिचा तो जाड, खर्जातला आवाज पुढे अख्ख्या देशाला पाठ झाला तिची सुरुवात मूकपटात. मग सावत्र आई, घरमालकीण असल्या भूमिका. स्टालिन पुरस्कार तीन, १९७० च्या कार्लसन नावाच्या उडणाऱ्या छोट्या माणसाच्या कार्टूनमधल्या खाष्ट बाईचा आवाज तिचाच, १९८४ ला गेली. आणि लोकांना आठवतं काय, तर या सिनेमात नवऱ्याला झापताना म्हटलेलं एक वाक्य, 'मूल्या, नि निर्वीरुय मिन्या'. रस्त्यात पोरं तिच्यामागे 'मूल्या, मूल्या' ओरडत यायची, तिला त्या वाक्याचा कायमचा उबग आला होता.

मी लिहिलं, 'मुल्या, वैताग आणू नकोस'. मला आवडलं. मुल्या आपल्या बंड्या, पक्यासारखंच वाटतं, लाडाचं आणि थोडं तुच्छतेचं, मूळ रशियनमध्येही तसंच काहीसं आहे. नवरा आज्ञाधारक, बायको अंगावर येणारी, बसलं एकदम.

तपासणाऱ्या मॅडम वयाने मोठ्या, अनुभवी, पण एकदा अडल्या की अडल्या. म्हणाल्या, "त्या काळातली बायको नवऱ्याला अरे-तुरे? 'अहो, वैताग आणू नका' करा." मी म्हटलं, "मॅडम, ती मॉस्कोतली आहे." तर म्हणाल्या, "वाचणारे पुण्यातले आहेत ना?" हे खरं, याला मला उत्तर सुचलं नाही. पण 'अहो' केलं की नाव जातं हो! 'अहो मुल्या' कोण म्हणतं? आणि सगळी गंमत त्या नावात आहे, पोरं रस्त्यात नावच ओरडायची. शिवाय कानाला मूल्या ऐकू येतंय आणि खाली अहो, प्रेक्षक काय बावळट आहे?

डेडलाईन होती. शेवटी त्यांनी सही केली ती 'अहो' वर. इथे सही ज्याची त्याचं वाक्य, ही पद्धतच आहे.

शोला मी मागे उभी होते. पहिल्यांदा ते वाक्य आलं, कोणी हसलं नाही. दुसऱ्यांदा थोडंसं. पुढे कधीतरी एक आजी शेजारच्या बाईला बऱ्यापैकी मोठ्याने म्हणाल्या, "मुल्या म्हणतेय ना गं ती? आमच्या शेजारचा मुकुंदा आठवला, बायको अशीच मुक्या मुक्या करायची." आणि ती अख्खी रांग हसली. मॅडम पुढे बसल्या होत्या, त्यांनी मागे वळून पाहिलं, माझ्याकडे की आजींकडे ते कळलं नाही.

नंतर चहाला मॅडम म्हणाल्या, "छान झालं हं." मीही छान म्हणाले.

दोन्ही फाइली अजून लॅपटॉपमध्ये आहेत. परवा रात्री परत उघडली, 'नकोस' चा 'स' काढून बघितला. 'मुल्या, वैताग नको आणू'. ओळ अजूनही लालच.