जादूच्या कांडीचं लाकूड आणि गाभा ठरवताना

माझ्या कादंबरीच्या पहिल्या खर्ड्यात नायिकेच्या हातात नुसतीच 'कांडी' होती. कशाची, ते कुठेच लिहिलेलं नव्हतं. वाचक म्हणून मला स्वतःला एवढ्यावर कधीच भागलेलं नाही. म्हणून ठरवलं, लाकूड आणि त्याच्या आत भरायचा गाभा पक्का झाल्याशिवाय पुढचं प्रकरण लिहायला घ्यायचं नाही.

सगळ्यात सोपी वाट तयार कोष्टकाची. ब्रिटिश कवी रॉबर्ट ग्रेव्हज यांनी १९४८ साली 'द व्हाइट गॉडेस'मध्ये केल्टिक झाडांवर बेतलेलं वर्षाचं गणित मांडलं, त्यात वर्षाचा प्रत्येक भाग एकेका झाडाच्या नावावर. अशाच झाडांच्या पंचांगावरून जे. के. रोलिंग यांनी 'हॅरी पॉटर'च्या पुस्तकांत हर्मायनीला द्राक्षवेलीची आणि ड्रॅकोला हॉथॉर्न या काटेरी झाडाची कांडी दिली, दोघांच्या वाढदिवसांप्रमाणे. मीही माझ्या नायिकेची जन्मतारीख घेऊन बसले. झाड मिळालं, पण ते तिला चिकटेना. तारखेवरून नाव मिळतं, स्वभाव मिळत नाही. मग कोष्टक बाजूला ठेवून खऱ्या लाकडांकडे वळले.

इथे मी फार रमले. यू या सदाहरित झाडाचंच घ्या. त्याचा आतला तांबूस नार दाब सोसतो आणि बाहेरचं फिकट लाकूड ताण सोसतं, म्हणून इंग्रजी लांब धनुष्यं यूची करत. १५४५ साली बुडालेल्या 'मेरी रोझ' जहाजातून वर काढलेली धनुष्यंही यूचीच. फळाचा लाल गर सोडला तर जवळजवळ सगळं झाड विषारी, तरी आयुष्य शेकडो वर्षांचं, आणि जागा बहुतेकदा चर्चच्या दफनभूमीत. मरणाला घाबरून अमर व्हायला निघालेल्या व्होल्डेमॉर्टच्या, हॅरीच्या शत्रूच्या, हातात यू का, हे मग सांगावं लागत नाही. हॅरीची होली त्याच्या उलट: पांढरं, घट्ट, बारीक रेषांचं लाकूड, थंडीतही हिरवं राहणारं झाड. दोन्ही कांड्यांत पीस मात्र एकाच फिनिक्सचं, म्हणजे राखेतून पुन्हा जन्मणाऱ्या पक्ष्याचं. गाभा तोच, लाकूड वेगळं, आणि सगळी गोष्ट या एका निवडीवर उभी आहे. मला ही त्या मालिकेतली सर्वांत सुंदर जुळवणी वाटते.

माझी निवड शेवटी एल्डर या युरोपातल्या छोट्या झाडावर येऊन थांबली. डेन्मार्कच्या लोककथांत या झाडात एक माता राहते, तिची परवानगी न घेता फांदी तोडायची नाही. पण मला पटवलं ते एल्डरच्या भेंडाने. एल्डरची कोवळी फांदी कापली की मधोमध पांढरं, स्पंजासारखं भेंड दिसतं. बाकीच्या लाकडांत गाभ्यासाठी भोक पाडावं लागेल. एल्डर ती जागा घेऊनच वाढतो.

नुसतं वाचून लिहिणं मला जमत नाही, तेव्हा कांडी करायलाच घेतली. साल ओली असतानाच सोलली, ती लांब पट्ट्यांनी निघते. दोन्ही टोकांना मेण लावलं, कारण टोकं आधी वाळतात आणि तिथूनच चिरा पडतात. सावलीत पूर्ण वाळू दिल्यावर लोखंडी तारेने भेंड पुढे ढकललं. ते तुकड्यातुकड्यांनी बाहेर येतं, हलकं, कोरडं, बोटांत चुरा होणारं. आतली नळी सरळ नसते. गाठीपाशी तार अडते, तिथे फिरवत फिरवत वाट काढावी लागते. मग कानस, मग पॉलिशपेपर, शेवटी जवसाचं तेल. तेल लागताच फिकट लाकडावर पिवळसर झाक चढते आणि रेषा वर येतात.

गाभ्यासाठी घोड्याच्या शेपटीचे केस घेतले, व्हायोलिनच्या गजाला लावतात तेच. रोलिंग यांच्या गोष्टीतल्या सर्वांत बलवान कांडीत, एल्डर वाँडमध्येही, थेस्ट्रलच्या, म्हणजे फक्त मरण पाहिलेल्यांनाच दिसणाऱ्या पंखवाल्या घोड्याच्या शेपटीचा केस आहे, हे डोक्यात होतंच. केसांची जुडी मेणाने चिकटवून तारेच्या आकड्याने नळीतून ओढून घेतली.

केस ओढताना मनात एकच प्रश्न होता: हे आले कुठून? कांड्यांबद्दल वाचताना आपण लाकडाचे गुण पाठ करतो आणि गाभ्याला नुसती 'शक्ती' म्हणून सोडून देतो. फिनिक्स आपलं पीस आपणहून देतो. ड्रॅगनच्या हृदयाच्या तंतूसाठी ड्रॅगन मेलेला हवा. त्याच पुस्तकांतल्या सेड्रिकच्या कांडीसाठी शेपटीचा केस उपटल्यावर युनिकॉर्नने, म्हणजे एकशिंगी घोड्याने, कांड्या बनवणाऱ्या ऑलिव्हँडरला जवळपास शिंगावरच घेतलं होतं. फ्लर या मुलीच्या कांडीत तिच्या वीला, म्हणजे मोहिनी घालणाऱ्या परीसारख्या, आजीचा केस आहे. प्रत्येक गाभ्यामागे कुणीतरी दिलेलं, घेतलेलं किंवा ओरबाडलेलं काहीतरी आहे. लाकूड धरणाऱ्याचा स्वभाव सांगतं आणि गाभा सांगतो त्याचं देणं.

मग माझ्या कथेतला नियम आपोआप ठरला. लाकूड कांडीवाल्याच्या मालकीचं, गाभा कायम उसना. एल्डरची नळी रिकामी करता येते, पुन्हा भरता येते, त्यामुळे गाभा परत मागता येतो. आधीच्या प्रकरणांत मुलगी सहज मंत्र टाकत सुटली होती, ती सगळी प्रकरणं मी पुन्हा लिहिली. आता प्रत्येक मंत्राआधी तिला आठवतं की हे केस आपले नाहीत. घोड्याचा धनी ते मागायला येतो, ते प्रकरणही लिहून झालं आहे.