कापडी पंखांचं बॉम्बर : ल बूर्जेच्या संग्रहालयात

पॅरिसला जायचं ठरलं तेव्हाच ल बूर्जेचं विमान संग्रहालय यादीत सगळ्यात वर लिहून ठेवलं होतं. लूव्र राहिलं असतं तरी चाललं असतं. मला पहिल्या महायुद्धातलं फ्रेंच बॉम्बर, व्वाझां, डोळ्यांनी बघायचं होतं.

सात नंबरच्या मेट्रोने ला कूर्नव्हला उतरायचं आणि १५२ नंबरची बस पकडायची. १९२७ साली अमेरिकन वैमानिक लिंडबर्ग अटलांटिक ओलांडून उतरला तो हाच ल बूर्जेचा विमानतळ. संग्रहालय भरलंय ते मात्र त्यानंतरच्या, १९३७ च्या टर्मिनलमध्ये. आत शिरलेली बहुतेक माणसं तडक काँकॉर्डकडे, म्हणजे ध्वनीपेक्षा वेगवान प्रवासी विमानाकडे, जातात. त्यामुळे जुन्या विमानांच्या दालनात निवांत फिरता येतं.

व्वाझां समोर आलं आणि आधी त्याचा आकारच अंगावर आला. एकावर एक दोन पंख, टोकापासून टोकापर्यंत जवळजवळ पंधरा मीटर, मध्ये खांब आणि ताणलेल्या तारांचं जाळं. पंखांवर कापड, पण सांगाडा पोलादी नळ्यांचा, म्हणून आघाडीवर उघड्या माळावरही ते तग धरायचं. खाली चार चाकं, हातगाडीला असावीत तशी, आणि त्यांना चक्क ब्रेक! सॅल्मसन इंजिन आणि पंखा दोन्ही मागे. पुढचं नाक अगदी मोकळं. पुढे वैमानिक, त्याच्या पाठीशी दुसरा माणूस, दोघेही छातीपासून वर उघड्यावर. मी वाकून त्या बैठकीची कड बघितली. पाठीमागे इंजिन धडधडतंय, समोर नुसता वारा, आणि खाली शत्रूच्या तोफा. काय हिंमत असेल त्या पोरांची!

पंखा मागे असल्याने पुढे गोळ्या झाडता यायच्या. या मोकळ्या नाकाचा फायदा ५ ऑक्टोबर १९१४ ला दिसला. फ्रान्समधल्या रँस शहराजवळ जोझेफ फ्रांत्झ विमान चालवत होता आणि मेकॅनिक लुई केनो मशीनगनवर होता. त्यांनी एक जर्मन विमान पाडलं. एका विमानाने दुसऱ्याला गोळ्या घालून पाडल्याची ही पहिली घटना मानतात. त्या जर्मन विमानातले दोघेही मेले. फ्रांत्झ मात्र १९७९ पर्यंत जगला.

पण व्वाझांचं खरं काम बॉम्बफेकीचं. २२ एप्रिल १९१५ ला जर्मनांनी बेल्जियममधल्या ईप्रला क्लोरीन हा विषारी वायू सोडला. पाच आठवड्यांनी, २७ मे रोजी, पहाटे फ्रान्समधल्या नॉन्सीजवळून अठरा व्वाझां उडाली ती जर्मनीतल्या लुडविग्सहाफेनच्या रासायनिक कारखान्यांवर. जाऊन-येऊन पावणेचारशे किलोमीटर आणि वेग ताशी जेमतेम शंभर. बॉम्ब म्हणजे तोफेचेच गोळे, मागे पाती बसवलेले. मोहिमेचा प्रमुख द गोईस याचं विमान बिघडून शत्रूच्या मुलखात उतरलं आणि तो कैद झाला. बाकीची परतली.

मला इथे बराच वेळ हलवेना. सैन्याच्या तुकडीवर नव्हे, तर आघाडीच्या कितीतरी मागे असलेल्या गावातल्या कारखान्यावर विमानांचा अख्खा ताफा पाठवायचा, ही पद्धत या सडपातळ यंत्राने रुळवली. पुढच्या महायुद्धात शहरंच्या शहरं जळाली, त्या वाटेवरचं हे सुरुवातीचं पाऊल. त्याला नुसतं सुंदर म्हणवत नाही, आणि नजरही काढवत नाही.

त्याचा घात केला तो मागच्या इंजिनानेच. शेपटीकडून आलेल्या शत्रूवर गोळी झाडायला जागाच नाही! जर्मनांची लढाऊ विमानं आल्यावर दिवसा उडणं जिवावर बेतू लागलं आणि व्वाझांना रात्रीच्या कामाला लावलं. बनवणारा गाब्रिएल व्वाझां युद्धानंतर मोटारगाड्यांकडे वळला.

याच संग्रहालयात फ्रेंच लढाऊ वैमानिक गिनमेरचं स्पाड विमान आणि झेपेलिन या जर्मन हवाई जहाजाची एक गोंडोला, म्हणजे खाली टांगलेली कोठडी, आहे, तीही चुकवू नका. सोमवारी बंद असतं. सकाळी लवकर जा, आधी ही जुनी दालनं बघा आणि काँकॉर्ड दुपारसाठी ठेवा.