तुम्ही विचारलंत म्हणून: श्विटर्सच्या बायकोचं काय झालं

कोलाजवर बोलायला मला अधूनमधून बोलावतात, मी कुर्ट श्विटर्स या जर्मन चित्रकाराची चित्रं दाखवते, बसची तिकिटं, पाकिटांचे तुकडे, फाटक्या जाहिराती चिकटवून केलेली, सगळे माना डोलावतात, आणि मग मी सांगते की 1937 च्या जानेवारीत हा माणूस जर्मनीतलं आपलं हानोवर शहर सोडून नॉर्वेला गेला, की मागून हात वर आलाच. "आणि बायको?" बायको हानोवरमध्येच राहिली. झालं, तिथून पुढे चित्रांकडे कोणी बघत नाही. माझ्या मावशीने तर पानावर बसल्या बसल्या विचारलं, "बायकोला हिटलरच्या तावडीत ठेवून स्वतः डोंगर रंगवत बसला, असला माणूस तुला आवडतो कसा गं?"

तर आता एकदाच नीट सांगते. नाझी, आधुनिक चित्रांना त्यांनी दिलेलं 'अध:पतित कला' हे नाव, पुस्तकांच्या होळ्या हे सगळं तुम्हाला माहितीये, ते सोडून देते.

पहिलं म्हणजे तो हौसेने गेला नव्हता. ज्यू नव्हता ना, म्हणून लोकांना वाटतं की गप्प बसला असता तर निभावलं असतं. अहो, 1936 च्या ऑगस्टमध्ये त्याच्या जिवलग मित्राला, श्पेंगेमानला, बायकोमुलासकट गेस्टापोने, म्हणजे नाझींच्या गुप्त पोलिसांनी, उचललं होतं. श्विटर्सचा स्वतःचा मुलगा एर्न्स्ट, वय वर्षं अठरा, डिसेंबरअखेर देशाबाहेर पडला आणि आठवडाभरात बाप त्याच्या मागोमाग. शिवाय ह्या माणसाला लहानपणापासून फिट्स यायच्या, आणि नाझींच्या 1933 च्या कायद्यात आनुवंशिक अपस्मार, म्हणजे फिट्सचा आजार, असेल तर सक्तीने नसबंदी करायची तरतूद होती. हे बोलायला लागलं की लोक जरा चुळबुळ करतात. 1937 च्या जुलैमध्ये म्युनिकला लोकांनी हसावं म्हणून जे प्रदर्शन भरवलं त्यात त्याचीही कामं टांगली होती, तोवर तो निसटला होता म्हणून बरं.

आता हेल्मा, त्याची बायको. पूर्वी मी फटकन सांगायचे, तिनेच ठरवलं राहायचं, तुम्हाला काय त्रास आहे? आणि ते खोटं नाहीये. त्यांच्या मालकीची हानोवरमध्ये चार घरं होती, ती तिने सांभाळली, आणि वर्षातून काही महिने ती नॉर्वेला जाऊन राहायची. पण हे बोलून झाल्यावर माझी मलाच शंका यायची. घरं कोणीतरी सांभाळायचीच होती, आणि ते कोणीतरी म्हणजे कोण हे दोघांनी समोरासमोर बसून ठरवलं असेल असं मला वाटत नाही. आपल्याकडे तरी कुठे ठरतं? जो चित्रं काढतो तो जातो, ज्याला किल्ल्या कुठल्या खिळ्यावर आहेत हे माहीत असतं तो राहतो.

2 जून 1939, ऑस्लो. माझं सगळं घोडं तिथेच अडतं. कुर्टच्या आईचा ऐंशीवा वाढदिवस आणि एर्न्स्टचा साखरपुडा एकाच दिवशी, सगळं कुटुंब एकत्र. म्हणजे बघा, हेल्मा तिथे होती, जर्मनीच्या बाहेर, नवरा शेजारी, मुलगा शेजारी, होणारी सून शेजारी. युद्धाला तीन महिने होते. नुसतं परत गेली नसती तरी पुरलं असतं. नवऱ्याने हात धरून थांबवलं असतं तरी पुरलं असतं. हे आपण म्हणतो कारण आपल्याला पुढचं माहितीये. त्या दिवशी ती सासूचा वाढदिवस आणि मुलाचा साखरपुडा करत होती, आणि दरवर्षीसारखीच परत जाणार होती. त्यानंतर ती दोघं एकमेकांना कधीच भेटली नाहीत. त्याने थांबवायचा प्रयत्न केला का? मला नाही वाटत केला असेल, आणि हे लिहिताना माझाही त्याच्यावरचा राग वर येतो, मग पुन्हा वाटतं की राग धरायला आपल्याला काय जातंय.

पुढचं भराभर सांगते. एप्रिल 1940 ला जर्मनांनी नॉर्वेवर हल्ला केला, बापलेक आणि सून उत्तरेकडे पळत पळत एका बर्फफोड्या जहाजावरून स्कॉटलंडला पोचले, तर इंग्रजांनी शत्रुराष्ट्राचे नागरिक म्हणून आत टाकलं. (हसू नका, आपल्या अहमदनगरच्या छावणीतही 1939 ला हिटलरपासून पळून आलेले ज्यू लोक जर्मन म्हणून डांबले होते.) आइल ऑफ मॅनवरच्या हचिन्सन कॅम्पमध्ये श्विटर्स नोव्हेंबर 1941 पर्यंत होता. तिथे त्याने उरलेल्या पॉरिजची शिल्पं केली, त्यांना हिरवी बुरशी आली, वास सुटला. खोलीतलं लिनोलियम काढून त्यावर चित्रं काढली. रात्री तो कुत्र्यासारखा भुंकायचा, असं बरोबरच्या कैद्यांनी नंतर लिहिलंय. कोणी त्याला विनोद म्हणतं, कोणी दादाइझम, म्हणजे मुद्दाम निरर्थक वागून सगळ्यांची खिल्ली उडवणारी ती कलाचळवळ. मला दोन्ही पटत नाही.

इकडे हेल्मा हानोवरमध्ये, वाल्डहाउझेन रस्त्यावरच्या त्यांच्या राहत्या घरात. त्या घराच्या आत त्याने 1923 च्या आसपासपासून प्लास्टरची आणि लाकडाची ती गुहेसारखी रचना वाढवत नेली होती, मेर्त्सबाउ, जिच्याबद्दल आज जगभर पुस्तकं निघतात. त्यातल्या कप्प्यांत मित्रांच्या वस्तू कोंबलेल्या असायच्या. आता विचार करा, राहत्या घरात नवरा खोलीमागून खोली खातोय आणि तुम्ही तिथेच स्वयंपाक करताय. 1937 ला तो गेला आणि हे सगळं तिच्या गळ्यात. 1943 च्या ऑक्टोबरमध्ये दोस्त राष्ट्रांच्या बॉम्बहल्ल्यात घर आणि मेर्त्सबाउ दोन्ही गेलं. पुढच्या ऑक्टोबरात हेल्मा कॅन्सरने गेली. बातमी त्याला डिसेंबरात कळली. तोवर त्याला एक स्ट्रोक येऊन गेला होता, आणि लंडनमध्ये एडिथ थॉमस नावाची तरुण बाई त्याच्या सोबत होती, ती शेवटपर्यंत राहिली. हो, तेही खरंय. तुम्ही विचारायच्या आधीच सांगून टाकलं.

गंमत बघा, माक्स बेकमन हा दुसरा जर्मन चित्रकार बायकोला बरोबर घेऊन ॲम्स्टरडॅमला गेला, त्याच्या बायकोबद्दल मला अजून एकानेही विचारलेलं नाही. बरोबर नेली तर ती सामानात जमा, मागे राहिली तर ती पुरावा. हेल्माने त्या जवळजवळ आठ वर्षांत काय काय केलं असेल, भाडेकरू, रेशन, सायरन, गेस्टापोच्या यादीतल्या माणसाची बायको म्हणून शेजाऱ्यांच्या नजरा, हे कोणालाच नको असतं. सगळ्यांना फक्त त्याचा निकाल हवा असतो.

तो मला आवडतो. 1942 नंतरचे त्याचे इंग्लंडमधले कोलाज बघताना अजूनही माझा श्वास जरा अडकतो. आणि मावशीचं म्हणणंही मला खोडता आलेलं नाही, तिच्यापुढे मी विषय बदलते. ह्या दोन्ही गोष्टी जुळवून दाखवा असं म्हणत असाल तर मला ते जमत नाही, जमवायची इच्छाही उरली नाहीये. फक्त एक केलंय, आता हेल्माचं सगळं मी सुरुवातीलाच सांगून टाकते, प्रश्नही तेव्हाच घेते, म्हणजे चित्रं बघायला निदान अर्धा तास तरी उरतो.