सहा, सात आणि अकरा एप्रिल : लिंडन जॉन्सन यांच्या टेक्सासमध्ये

अमेरिकेतील नातेवाइकांकडे आलेली मराठी मंडळी ऑस्टिनला पोहोचली, की विधानभवन पाहतात, संध्याकाळी पुलाखालून उडणारी वटवाघळे पाहतात आणि पुढच्या गावाला निघतात. १९६३ ते १९६९ या काळात अमेरिकेचे अध्यक्ष असलेल्या लिंडन जॉन्सन यांचे अध्यक्षीय ग्रंथालय टेक्सास विद्यापीठाच्या आवारात आहे, पण तिकडे फारसे कोणी फिरकत नाही. मला मात्र ऑस्टिनमध्ये पाहायचे होते ते हेच. गॉर्डन बनशाफ्ट या वास्तुविशारदाने उभारलेली ही दहा मजली, फिकट दगडाची इमारत २२ मे १९७१ रोजी खुली झाली. बाहेरून ती एखाद्या प्रचंड तिजोरीसारखी दिसते. आत मुख्य दालनाच्या रुंद जिन्यावरून वर पाहिले, की काचेपलीकडे चार मजल्यांवर ओळीने रचलेली लाल खोकी दिसतात आणि प्रत्येक खोक्यावर सोनेरी अध्यक्षीय मुद्रा असते. सुमारे साडेचार कोटी पानांचा हा दप्तरखाना आहे. एका राजवटीचे कागद अशा रीतीने दर्शनी भागात, लोकांच्या नजरेसमोर ठेवलेले मी दुसरीकडे कोठेही पाहिलेले नाहीत.

माझ्यासोबत माझे मामा होते. ते सत्तरच्या दशकात अभियांत्रिकीची पदवी घेऊन येथे आले आणि टेक्सासमध्येच स्थायिक झाले. त्यांना येथे येता आले ते जॉन्सन यांनी ३ ऑक्टोबर १९६५ रोजी स्वातंत्र्यदेवतेच्या पुतळ्यापाशी सही केलेल्या कायद्यामुळे. देशागणिक ठरवलेला आणि युरोपला झुकते माप देणारा जुना कोटा त्या कायद्याने मोडीत निघाला व आशियातील शिकलेल्या तरुणांना दार उघडले. त्यामुळे मामांच्या मनात या माणसाविषयी कृतज्ञता आहे, आणि ती त्यांनी कधी लपवलेली नाही. माझ्या मनात मात्र येण्याआधीपासून एकच प्रश्न होता. मतदानाचा हक्क, वृद्धांसाठी आरोग्यविमा, गरीब मुलांच्या शाळांना केंद्राचा पैसा, एवढे सगळे दोन वर्षांत करून दाखवणाऱ्या राज्यकर्त्याने स्वतःला आणि स्वतःच्या देशाला व्हिएतनामच्या युद्धात कसे लोटले?

या प्रश्नाचे उत्तर शोधण्यासाठी या इमारतीत कागदांच्याही आधी आवाज आहे. जॉन्सन आपले दूरध्वनी ध्वनिमुद्रित करून ठेवत. आपल्या मृत्यूनंतर पन्नास वर्षे या फिती उघडू नयेत अशी त्यांची इच्छा होती, परंतु ग्रंथालयाने १९९० च्या दशकातच त्या टप्प्याटप्प्याने खुल्या करण्यास सुरुवात केली. प्रदर्शनात ठिकठिकाणी दूरध्वनीचे रिसीव्हर टांगलेले आहेत. ते कानाला लावले, की टेक्सासच्या हेलात बोलणारा, कधी आर्जवे करणारा, कधी दरडावणारा तो आवाज ऐकू येतो.

मला ज्याची ओढ होती ते संभाषण २७ मे १९६४ चे आहे. येथे येण्यापूर्वी मी ते घरी अनेकदा ऐकले होते. त्या दिवशी जॉन्सन यांनी आपले जुने गुरू, जॉर्जियाचे सेनेटर आणि सेनेटच्या सैन्यविषयक समितीचे अध्यक्ष रिचर्ड रसेल यांना दूरध्वनी केला. रसेल युद्धविरोधी चळवळीतील नव्हते. लष्कराचे ते खंदे पाठीराखे होते. तरीही लढणे आणि बाहेर पडणे यांपैकी एकच निवडायचे असेल तर मी बाहेर पडेन, असे ते सांगतात. दक्षिण व्हिएतनामच्या राजधानीत, सायगावमध्ये, असे सरकार आणावे, की जे आपल्याला निघून जायला सांगेल, अशी तोडही ते सुचवतात. जॉन्सन त्यांना खोडून काढत नाहीत. आपल्या घरी काम करणाऱ्या एका सार्जंटला सहा मुले आहेत आणि अशा माणसाला तेथे धाडायचे या विचारानेच अंगावर शहारे येतात, असे ते म्हणतात. आणि लगेच विचारतात, की पळ काढणाऱ्या अध्यक्षावर लोक महाभियोग चालवणार नाहीत काय? त्याच दिवशी सल्लागार मॅकजॉर्ज बंडी यांच्याशी बोलताना त्यांनी सांगितले, की हे लढण्याच्या लायकीचे आहे असे मला वाटत नाही आणि आपण यातून निघू शकू असेही वाटत नाही.

तेव्हा साम्यवादी उत्तर व्हिएतनामविरुद्ध दक्षिणेच्या मदतीला अमेरिकेचे सल्लागार म्हणून गेलेले काही हजार सैनिक तेथे होते. तुकड्यांनी उतरून लढणारे सैन्य अजून गेले नव्हते. म्हणजे परतीची वाट मोकळी होती, आणि ज्याच्या हातात निर्णय होता त्याला सगळे दिसत होते. चुकीच्या माहितीमुळे युद्धात ओढला गेलेला अध्यक्ष असे चित्र मी शाळकरी वयापासून वाचत आलो होतो. हे संभाषण ऐकल्यावर त्यावर विश्वास ठेवता येत नाही.

पुढील घटनाक्रम प्रदर्शनात भिंतीवर मांडलेला आहे. ऑगस्ट १९६४ मध्ये टोंकिनच्या आखातात अमेरिकी युद्धनौकांवर हल्ला झाल्याचे जाहीर झाले. २ ऑगस्टचा हल्ला खरा होता, ४ ऑगस्टचा झालाच नव्हता. त्यावर प्रतिनिधिगृहाने ४१६ विरुद्ध ० आणि सेनेटने ८८ विरुद्ध २ मतांनी अध्यक्षांना लष्करी कारवाईसाठी जवळजवळ कोरा धनादेश दिला. विरोधात उभे राहिलेले दोघे सेनेटर होते वेन मोर्स आणि अर्नेस्ट ग्रूनिंग. ही दोन नावे मी मामांना मोठ्याने वाचून दाखवली, कारण ती लक्षात ठेवण्याजोगी आहेत. ऑक्टोबरमध्ये प्रचारसभेत जॉन्सन सांगत होते, की आशियाई मुलांनी स्वतः करायच्या कामासाठी अमेरिकी मुलांना नऊ-दहा हजार मैल दूर पाठवणार नाही. मार्च १९६५ मध्ये दक्षिण व्हिएतनाममधील दा नांगच्या किनाऱ्यावर पहिले ३,५०० अमेरिकी मरीन सैनिक उतरले.

दुसऱ्या दिवशी सकाळी आम्ही गाडीने पश्चिमेला निघालो. ऑस्टिन मागे पडले, की चुनखडीच्या टेकड्या, खुरटे देवदार आणि गुरांची कुरणे सुरू होतात. जमीन कोरडी आणि माती पातळ. मामांचे बालपण सोलापूर जिल्ह्यात गेलेले. ते म्हणाले, “माणदेशात आल्यासारखे वाटते की नाही?” वाटले खरे. तासा-सव्वा तासाने जॉन्सन सिटी लागते, आणि तेथून पुढे स्टोनवॉल गावापाशी पेडर्नालेस नदीच्या काठी जॉन्सन यांचे शेत. नदी उथळ, खडकाळ पात्राची. या भागातील शेतघरांत तिसाच्या दशकापर्यंत वीज नव्हती, आणि तरुणपणी काँग्रेसचे, म्हणजे अमेरिकी संसदेचे, सदस्य असताना जॉन्सन यांनी सरकारी कर्जावर चालणाऱ्या सहकारी संस्थेमार्फत ती आणली. त्याचा त्यांना जन्मभर अभिमान होता.

शेताजवळच जंक्शन स्कूल नावाची एकखोली शाळा आहे. लाकडी जमीन, उंच खिडक्या. चार वर्षांचे असताना जॉन्सन येथे शिकायला येत. ११ एप्रिल १९६५ रोजी याच शाळेच्या अंगणात एक टेबल मांडून, आपल्या पहिल्या शिक्षिका केट लोनी यांना शेजारी बसवून, त्यांनी शालेय शिक्षणाच्या कायद्यावर सही केली. गरीब मुलांच्या शाळांना केंद्र सरकारने एवढ्या मोठ्या प्रमाणावर पैसा देण्याची ती पहिलीच वेळ. ज्या जागी ते टेबल होते तेथे उभे असताना मला त्याच आठवड्यातील आणखी दोन तारखा आठवल्या, आणि या प्रवासात मला जे सापडले ते तेथे सापडले.

चार दिवस आधी, ७ एप्रिल रोजी, बाल्टिमोरच्या जॉन्स हॉपकिन्स विद्यापीठात जॉन्सन यांनी व्हिएतनामवर भाषण केले होते. मेकाँग नदीच्या खोऱ्याचा विकास करू, धरणे आणि वीज आणू, त्यासाठी एक अब्ज डॉलर देण्यास काँग्रेसला सांगू, असा प्रस्ताव त्यांनी मांडला. पेडर्नालेसच्या काठी जे साधले ते मेकाँगच्या काठीही साधेल यावर त्यांची खरोखर श्रद्धा होती. समोरच्याला काहीतरी देऊ केले, की तो तडजोडीला येतो, हे त्यांनी सेनेटमध्ये वर्षानुवर्षे अनुभवले होते. परंतु उत्तर व्हिएतनामचे हो चि मिन्ह हे मतासाठी रेल्वेपूल मागणारे सेनेटर नव्हते. फ्रेंचांशी आठ वर्षे लढून आपल्या देशाचा अर्धा भाग मिळवलेले आणि उरलेला अर्धा सोडायला तयार नसलेले ते नेते होते. धरणाच्या बदल्यात ते देश देणार नव्हते.

आणि त्याच्याही आदल्या दिवशी, ६ एप्रिल रोजी, राष्ट्रीय सुरक्षाविषयक ३२८ क्रमांकाचा गुप्त आदेश निघाला होता. दा नांगच्या मरीन सैनिकांनी आता केवळ विमानतळाची राखण न करता प्रत्यक्ष लढाईत उतरावे अशी मुभा त्यात होती, आणि या बदलाची वेळेआधी प्रसिद्धी होऊ नये, सारे काही जुन्याच धोरणाला धरून चालले आहे असे दिसावे, अशी सूचनाही होती. म्हणजे ६ तारखेला चोरून युद्ध, ७ तारखेला जाहीरपणे धरणे आणि ११ तारखेला शाळा. या तिन्ही गोष्टी एकाच माणसाने सहा दिवसांत केल्या, आणि मला तरी त्या एकमेकींपासून सोडवता येत नाहीत. युद्धाविषयी काँग्रेसमध्ये खुली चर्चा झाली तर आपले गरिबीविरोधी कायदे अडतील, आणि माघार घेतली तर भ्याड ठरवून विरोधक तेच कायदे बुडवतील, अशी त्यांची दुहेरी धास्ती होती. म्हणून त्यांनी तिसरा मार्ग धरला. लढायचे, पण लोकांना सांगायचे नाही.

याहून चांगला मार्ग त्यांच्यासमोर ठेवला गेला नव्हता असे नाही. फेब्रुवारी १९६५ मध्येच उपाध्यक्ष ह्युबर्ट हम्फ्री यांनी लेखी कळवले होते, की नोव्हेंबर १९६४ च्या निवडणुकीत विरोधी रिपब्लिकन पक्ष नुकताच भुईसपाट झाला असल्यामुळे माघारीची राजकीय किंमत याच वर्षी सर्वांत कमी पडेल. माझ्या मते त्या काळातील हा सर्वांत शहाणा कागद आहे. त्याचे फळ म्हणून हम्फ्रींना व्हिएतनामविषयक बैठकांतून दीर्घकाळ बाहेर ठेवले गेले. २१ जूनला जॉन्सन यांनी संरक्षणमंत्री रॉबर्ट मॅक्नमारा यांना दूरध्वनीवर सांगितले, की पावसाळाभर कसाबसा टिकाव धरण्याची प्रार्थना करण्यापलीकडे कोणाकडे काही योजना दिसत नाही. आणि २८ जुलैला, दुपारच्या पत्रकार परिषदेत, सैन्याची संख्या ७५ हजारांवरून सव्वा लाखावर नेत असल्याचे जाहीर केले. १९६८ अखेर ती ५ लाख ३६ हजार झाली होती.

शाळेबाहेरच्या बाकावर डबा उघडून बसलो असताना मामांनी मिलोची गोष्ट काढली. पासष्ट-सहासष्टच्या दुष्काळात रेशनवर अमेरिकेहून आलेली लाल मिलो ज्वारी मिळायची. “भाकरी तोंडात घातली की फिरायची, पण घरात दुसरे होते काय? आई म्हणायची, खा, जहाज येईल तेव्हा गहू मिळेल.” ते जहाज कधी निघणार हे जॉन्सन स्वतः ठरवत असत. पीएल-४८० या अमेरिकी अन्नमदतीच्या कायद्याखालील दीर्घ मुदतीचे करार थांबवून त्यांनी भारताला थोड्या थोड्या मुदतीची मंजुरी देण्याचे धोरण अवलंबले. शेतीधोरण सुधारावे हा एक हेतू होता. जुलै १९६६ मध्ये इंदिरा गांधींनी मॉस्कोतील संयुक्त निवेदनात उत्तर व्हिएतनामवरील बॉम्बवर्षाव थांबवण्याची मागणी केली, तेव्हा जॉन्सन संतापले आणि मंजुऱ्या आणखी रेंगाळल्या. १९५४ पासून व्हिएतनाममधील युद्धबंदीवर देखरेख करणाऱ्या आंतरराष्ट्रीय नियंत्रण आयोगाचे अध्यक्षपद भारताकडे होते, त्यामुळे दिल्लीला त्या युद्धावर बोलण्याचा पूर्ण अधिकार होता. सांगोल्याकडच्या एका घरातील भाकरी हनोईवरील बॉम्बशी जोडली गेली होती, हे मामांनाही मी सांगेपर्यंत ठाऊक नव्हते. ते काही वेळ बोलले नाहीत, मग म्हणाले, “तरी मला इथे आणले त्यानेच.”

शेतावरचे घर दुरुस्तीसाठी बंद होते, त्यामुळे ज्या झाडाखाली खुर्च्या टाकून मंत्र्यांच्या बैठका होत ते झाड आणि धावपट्टीवर ठेवलेले छोटे जेट विमान बाहेरूनच पाहिले. कुटुंबाची दफनभूमी नदीकाठी आहे. तेथील दगडावरील तारीख २२ जानेवारी १९७३. पॅरिसचा शांतता करार झाला तो त्यानंतर पाच दिवसांनी.

मात्र हे वाचून कोणी ऑस्टिनला जाणार असेल तर आधी ग्रंथालयात ३१ जुलै १९६८ चे छायाचित्र मागून पाहावे. मंत्रिमंडळाच्या लांब टेबलावर ध्वनिमुद्रणयंत्र आहे आणि जॉन्सन डोके पार खाली घालून, टेबलावर जवळजवळ कोसळून ऐकत आहेत. व्हिएतनाममध्ये लढणारे त्यांचे जावई कॅप्टन चार्ल्स रॉब यांनी पाठवलेली ती फीत होती. तोवर मार्टिन ल्यूथर किंग यांनी उघडपणे युद्धाविरुद्ध आवाज उठवला होता, मॅक्नमारा मंत्रिमंडळ सोडून गेले होते, १९६८ च्या सुरुवातीला साम्यवाद्यांनी केलेल्या टेटच्या चढाईने विजयाचे सारे दावे फोल ठरवले होते आणि जॉन्सन यांनी ३१ मार्च रोजी पुन्हा निवडणूक लढवणार नसल्याचे जाहीर केले होते. छायाचित्र पाहून मला त्यांची दया आली, हे मी नाकारत नाही. पण त्या दयेसोबत मे १९६४ चे रसेल यांच्याशी झालेले संभाषणही ऐकले पाहिजे. ते मिळवायला टेक्सासला जाण्याचीही गरज नाही, कारण व्हर्जिनिया विद्यापीठाच्या मिलर सेंटरने अशी अनेक संभाषणे लेखी रूपासह इंटरनेटवर विनामूल्य ठेवली आहेत.